बरणीतल्या काकडीची भीती

शेपूच्या बाबतीत मराठी घरांत सरळ दोन पक्ष असतात. एका पक्षाला मूगडाळ घातलेली शेपूची भाजी आणि गरम भाकरी मिळाली की दुसरं काही लागत नाही. दुसरा पक्ष पिशवीतून शेपूची जुडी बाहेर आली की उठून खिडकी उघडतो. मी शाळेत असताना डब्यात शेपू असला की बाकावरच्या मैत्रिणी हातभर लांब सरकायच्या. चौथीत कधीतरी मी आईला सांगून टाकलं, शेपू डब्यात देत जाऊ नकोस. घरी मात्र मी तो आवडीने खायचे.

ही गोष्ट मी पार विसरून गेले होते. पीएचडीच्या दुसऱ्या वर्षी शंभर वर्षांपूर्वीची अमेरिकन पुस्तकं वाचताना ती परत आठवली. माझा विषय आहे स्थलांतरितांच्या खाण्यापिण्याचा इतिहास. 'म्हणजे तू नक्की करतेस काय?' असं नातेवाईक विचारतात तेव्हा मी म्हणते, लोक परक्या गावात जाताना काय खायला घेऊन गेले आणि तिथल्या लोकांनी त्यावर नाक मुरडलं का, हे मी शोधते. आज त्यातलाच एक तुकडा सांगते. तुकडा म्हणजे अक्षरशः काकडीचा: शेपू आणि लसूण घालून मिठाच्या पाण्यात आंबवलेल्या काकडीचा. इंग्रजीत तिला 'डिल पिकल' म्हणतात. डिल म्हणजे आपला शेपूच. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला न्यूयॉर्कमधल्या बऱ्याच शिकल्यासवरलेल्या, भल्या माणसांना या काकडीची भीती वाटत होती. का वाटत होती, हा आजचा प्रश्न.

आधी लोणचं घालू या

ज्या पदार्थावर लिहायचं तो एकदा तरी स्वतः करून बघावा, असं मला वाटतं. जुन्या पाककृती अर्ध्याच लिहिलेल्या असतात. उरलेलं अर्धं बाईच्या हातात असायचं, आणि ते लिहायची गरज कुणालाच वाटत नव्हती. उदाहरणार्थ, मिठाचं पाणी किती खारट हवं? बऱ्याच जुन्या कृती सांगतात, अंडं तरंगेल इतकं. करून बघितलं तर ते साधारण १० टक्के निघतं, म्हणजे बरंच खारट. महिनोन्‌महिने टिकवायच्या पिंपासाठी ते ठीक आहे. घरच्या बरणीला ५ टक्के पुरे.

तर कृती अशी. बोटाएवढ्या, कडक, ताज्या काकड्या घ्यायच्या. सकाळी आणलेल्या असतील तर दुपारच्या आत लोणचं घालायचं. देठाच्या विरुद्ध बाजूचं, म्हणजे फुलाकडचं टोक किंचित कापून टाकायचं. एवढ्याशा टोकाला महत्त्व आहे, कारण तिथे काकडी मऊ पाडणारी एन्झाइम्स असतात. १ लिटर पाण्याला ५० ग्रॅम साधं जाड मीठ घालून, पाणी उकळून गार करायचं. बरणीच्या तळाशी शेपूच्या जाड काड्या, फुलांचे तुरे मिळाले तर ते, लसणाच्या सात-आठ पाकळ्या, थोडे मिरे आणि मोहरी. त्यावर काकड्या उभ्या दाटून बसवायच्या, वरून मिठाचं पाणी ओतायचं आणि एखादी वाटी किंवा वजन ठेवून सगळं पाण्याखाली राहील असं बघायचं. पूर्व युरोपात बरणीत द्राक्षाची, चेरीची किंवा ओकची पानं घालतात. त्यातल्या टॅनिनमुळे काकडी कुरकुरीत राहते.

आता लक्षात घ्या, यात व्हिनेगर नाही, लिंबू नाही, तेलही नाही. आंबटपणा बाहेरून घालायचा नसतो, तो आत तयार होतो. काकडीच्या सालीवर लॅक्टिक आम्ल तयार करणारे जिवाणू आधीपासून असतात. मिठामुळे सडवणारे बरेचसे जिवाणू मागे पडतात, हे मात्र तग धरतात आणि काकडीतल्या साखरेचं आम्ल करतात. दोन-तीन दिवसांत बुडबुडे येतात, पाणी गढूळ होतं. हिरवागार रंग उतरून मेंदीसारखा होतो, कारण आम्लाने हरितद्रव्य बदलतं. एका आठवड्यात काकडी अर्धी आंबते, दोन ते चार आठवड्यांत पूर्ण. आम्लता एकदा पुरेशी वाढली, म्हणजे पीएच ४.६ च्या खाली उतरला, की विषारी जिवाणूंचा धोका राहत नाही. इडलीचं पीठ, ताक, कोकणातली खारातली कैरी ही सगळी याच कुळातली.

माझी पहिली बरणी साफ फसली. मी ती मे महिन्यात घातली होती. पाचव्या दिवशी झाकण काढलं तर काकड्यांचा लगदा, आणि वास असा की खालच्या मजल्यावरच्या काकू विचारायला आल्या. चूक माझीच होती. या आंबवण्याला साधारण १८ ते २४ अंश तापमान लागतं. जुन्या कृतींत तापमानाचा उल्लेखच नव्हता, आणि मी त्यावर विचारही केला नव्हता. तिथे बरणी तळघरात जाते हे गृहीतच धरलेलं असे. तळघर ही त्या कृतीतली न लिहिलेली ओळ होती. दुसरी बरणी मी जानेवारीत घातली, ती जमली.

काकडी गेली तिकडे, परत आली इकडे

गंमत म्हणजे काकडी मूळची आपल्याकडची. तिचे रानटी भाईबंद आजही हिमालयाच्या पायथ्याशी उगवतात आणि ते चवीला कडू असतात. इथून ती पश्चिमेकडे गेली. पोलिश भाषेत तिला 'ओगुरेक' म्हणतात, रशियनमध्ये 'अगुर्येत्स', जर्मनमध्ये 'गुर्के'. इंग्रजीतलं 'गर्किन' याच घराण्यातलं. भाषाशास्त्रज्ञ हे सगळे शब्द मध्ययुगीन ग्रीकमधल्या एका शब्दापर्यंत नेतात, ज्याचा अर्थ होतो 'कच्चं'. काकडी पिकू न देता कोवळी खायची, त्यावरून तिचं नाव पडलं.

दुसरा शब्द बघा. 'पिकल' हा इंग्रजी शब्द डच-जर्मन पट्ट्यातल्या 'पेकेल'वरून आला. पेकेल म्हणजे खारं पाणी. आणि आपलं 'लोणचं' आलं 'लवण'वरून. एकमेकींपासून इतक्या दूरच्या दोन भाषा, पण दोघींनी या पदार्थाचं नाव मिठावरूनच ठेवलं. तेल, मसाला, शेपू, लसूण हे नंतरचे.

पोलंड, लिथुआनिया, युक्रेन या भागांत हिवाळा लांब असतो. ऑक्टोबरनंतर शेतात हिरवं काही उरत नाही. तिथल्या ज्यू आणि ख्रिस्ती अशा दोन्ही घरांत कोबी आणि काकडीची पिंपं भरून ठेवत. गरिबाचं जेवण म्हणजे राईची काळी पोळी, बटाटे आणि सोबत आंबट काकडी. आपल्याकडे भाकरी आणि ठेचा असतो तसंच. रोज तेच तेच पिठाळ अन्न घशाखाली उतरायला काहीतरी झणझणीत किंवा आंबट लागतंच.

ऑर्चर्ड स्ट्रीटवरची पिंपं

१८८१ मध्ये रशियाचा झार दुसरा अलेक्झांडर मारला गेला. त्यानंतर ज्यूंवर हल्ले सुरू झाले, मग जाचक कायदे आले. तेव्हापासून १९२४ पर्यंत, म्हणजे अमेरिकेने कायदा करून दरवाजा जवळजवळ बंद करेपर्यंत, पूर्व युरोपातले २० लाखांहून अधिक ज्यू अमेरिकेत गेले. त्यातले पुष्कळ जण न्यूयॉर्कच्या लोअर ईस्ट साइड भागात उतरले. तिथल्या दहाव्या वॉर्डात १८९० च्या सुमारास एका एकरात ५०० हून जास्त माणसं राहत होती. गिरणगावातल्या चाळी डोळ्यांसमोर आणा, म्हणजे थोडा अंदाज येईल. तिथल्या ऑर्चर्ड स्ट्रीटवरची ९७ नंबरची अशी एक इमारत १८६३ मध्ये बांधलेली. आज तिथे संग्रहालय आहे.

या भागातल्या हेस्टर स्ट्रीट, एसेक्स स्ट्रीट अशा रस्त्यांवर हातगाड्यांची रांग असे, आणि त्यांत लोणच्याची पिंपं. एका सेंटला एक काकडी. विकणारा बाही वर करून हात पाण्यात घालायचा आणि काकडी काढून द्यायचा. अर्धी आंबलेली हवी की पूर्ण, हे गिऱ्हाईक सांगायचं. या धंद्याला भांडवल फार लागत नसे. पिंप, मीठ, काकड्या आणि तळघराचा एखादा कोपरा असला की झालं. इंग्रजी येत नसलं तरी चालायचं.

आणि गिऱ्हाईक कोण? बरीचशी शाळकरी मुलं. आईवडील दोघंही कपडे शिवण्याच्या कामावर. दुपारच्या सुट्टीत घरी जेवण नाही, म्हणून हातात एक-दोन सेंट दिलेले. मुलं त्याचा पाव घेत आणि लोणचं घेत.

भल्या माणसांची काळजी

आता माझ्या कागदपत्रांकडे येते. १९०६ मध्ये जॉन स्पार्गो या समाजवादी लेखकाचं गरीब मुलांच्या हालांवरचं एक पुस्तक आलं, 'द बिटर क्राय ऑफ द चिल्ड्रन'. मुलं उपाशीपोटी शाळेत येतात, हे त्याने पोटतिडकीने मांडलं. त्या काळच्या अशा लिखाणात लोणचं पुन्हा पुन्हा भेटतं. अर्धपोटी मुलाला लोणच्याची ओढ लागते ती मोठ्या माणसाला दारूची लागते तशीच, उत्तेजक म्हणून, अशी मांडणी दिसते. आंबट-खारट खाणाऱ्या मुलांचे मज्जातंतू चाळवतात, ती चंचल होतात, असंही मानलं जाई.

१९२२ मध्ये बॉस्टनमधल्या आहारतज्ज्ञ बर्था वुड यांचं 'फूड्स ऑफ द फॉरेन-बॉर्न' हे पुस्तक आलं. बाई तुसड्या नव्हत्या. रुग्णाला त्याच्या ओळखीचं अन्न खाऊ द्या, त्यातच सुधारणा करा, असा त्यांचा आग्रह होता. पण ज्यूंच्या खाण्याबद्दल लिहिताना त्यांनीही इशारा दिला: लोणची अति झाली की सौम्य चवी कळेनाशा होतात, जळजळ होते, आणि 'असिमिलेशन' अवघड होतं.

या शब्दापाशी मी बराच वेळ थांबले होते. असिमिलेशनचे त्या वेळी दोन अर्थ होते. एक, खाल्लेलं अन्न अंगी लागणं. दुसरा, परक्याने नव्या समाजात मिसळून जाणं. वुडबाईंच्या मनात बहुधा पहिलाच असावा. पण १९२२ साली, दोन वर्षांनी येणाऱ्या त्या कायद्याची चर्चा तापत असताना, वाचणाऱ्याला दुसरा अर्थ ऐकूच आला नसेल असं मला वाटत नाही. लोणचं खाणाऱ्याला अमेरिकन अन्न अंगी लागत नाही, आणि अमेरिकेलाही तो अंगी लागत नाही.

मोजपट्टी कुणाची?

तुम्ही म्हणाल, एवढे शहाणे लोक असं कसं लिहीत होते? इथे त्यांच्या बाजूने थोडं बोलायला हवं. मुलं खरंच भुकेली होती. एका सेंटच्या काकडीने पोट भरत नाही, हेही खरं. लोणची हिरवीगार दिसावीत म्हणून ती तांब्याच्या भांड्यात उकळण्याची घातक युक्ती युरोपात जुनी होती, लंडनमध्ये १८२० सालीच फ्रेडरिक अ‍ॅकम या रसायनतज्ज्ञाने तिच्यावर लिहून ठेवलं होतं. म्हणजे लोणच्याविषयी संशय घ्यायला जागा होती. आणि या सुधारकांनी नुसती टीका केली असंही नाही. १९०८ च्या सुमारास न्यूयॉर्कच्या काही शाळांत स्वस्त गरम जेवण सुरू झालं, ते अशाच काळजीतून.

पण त्यांच्या हातातली मोजपट्टी बघा. १८९० च्या दशकात विल्बर अ‍ॅटवॉटर यांनी अन्न कॅलरी आणि प्रथिनांत मोजायला अमेरिकेला शिकवलं. या पट्टीवर काकडी म्हणजे जवळजवळ शून्य, नुसतं पाणी. कोबी आणि पालेभाज्याही गरिबाने पैसे घालवू नयेत अशा यादीत जात. 'व्हिटॅमिन' हा शब्दच १९१२ मध्ये आला आणि तो दिला कॅसिमिर फुंक यांनी, जे स्वतः वॉर्साचे, म्हणजे आंबट काकडीच्या प्रदेशातले. त्याच सुमारास पॅरिसमध्ये इल्या मेचनिकॉव्ह हे नोबेल मिळवलेले शास्त्रज्ञ दह्यातले लॅक्टिक जिवाणू आरोग्याला चांगले असं सांगत होते. त्यांचंही बालपण आजच्या युक्रेनमध्ये गेलं. दह्याची तेव्हा शहरी फॅशन झाली. त्याच कुळातल्या जिवाणूंनी आंबवलेली काकडी मात्र हातगाडीवर होती, म्हणून ती संशयितच राहिली.

लोणचं म्हणजे औषध होतं, असं मला म्हणायचं नाही. त्यात मीठ भरपूर असतं आणि ते बेतानेच खावं. मुद्दा एवढाच की मुलाच्या हातात काय दिसलं ते लिहिलं गेलं. घरात आई नव्हती, कारण ती दिवसाचे बारा-बारा तास शिवत होती, हे त्याच पानावर असूनही दोष काकडीकडे गेला. मजुरी वाढवण्यापेक्षा लोणचं सोडवणं सोपं होतं.

उलट बाजूचा पुरावा शोधताना हाती फार काही लागत नाही. लोणचं विकणाऱ्याने वही लिहिली नाही, लिहिली असेल तर जपली गेली नाही. म्हणून मी पाकपुस्तकांकडे वळले. मिलवॉकीमध्ये लिझी कँडर यांनी १९०१ मध्ये 'सेटलमेंट कुक बुक' काढलं. स्थलांतरित ज्यू मुलींना अमेरिकन घर चालवायला शिकवणाऱ्या वर्गातून हे पुस्तक जन्मलं. आणि त्यात डिल पिकल आहे! एका बाजूला सुधारक लोणचं सोडा म्हणत होते, आणि दुसऱ्या बाजूला सुधारणेच्याच वर्गाचं पुस्तक ते घालायला शिकवत होतं. एकाच प्रकारची कागदपत्रं वाचली असती तर मला हे कळलंच नसतं.

मग भीती गेली कुठे?

१९३० च्या दशकात महापौर ला ग्वार्डिया यांनी हातगाड्या रस्त्यांवरून हटवायला घेतल्या. १९४० मध्ये एसेक्स स्ट्रीटवर बंदिस्त मंडई उघडली. त्याच सुमारास अमेरिकेच्या कृषी खात्यातले एचेल्स आणि जोन्स हे संशोधक लोणची पाश्चराइझ कशी करायची ते शोधत होते. काकड्या न आंबवता थेट व्हिनेगरच्या पाण्यात घालायच्या, बरणी बंद करून आतपर्यंत साधारण ७४ अंशांना पंधरा मिनिटं तापवायची. महिनाभराचं काम एका दिवसात. बरणीतलं पाणी स्वच्छ, चव दर वेळी तीच, आणि महिनोन्‌महिने फळीवर टिकणार.

यानंतर डिल पिकल घरोघरी गेलं. आज अमेरिकेत बर्गरबरोबर ते नसेल तर लोक तक्रार करतात. 'कोशर डिल' असं बरणीवर लिहिलेलं असतं तेव्हा त्याचा अर्थ बहुतेक वेळा लसूण घातलेलं न्यूयॉर्क पद्धतीचं, एवढाच असतो. ज्या लसणाच्या वासावर पूर्वी नाकं मुरडली गेली, तो आता जाहिरातीचा शब्द झाला. काकडी, मीठ, शेपू बहुतेक तेच. बदललं ते हे, की पिंपात हात घालणारा माणूस मधून गेला. आणि त्याच्याबरोबर त्या पिंपातलं गढूळ, जिवंत पाणीही गेलं.

या कथेची एक शेपटी आपल्या शेजारीच आहे. १९९० च्या दशकात कर्नाटकात गर्किनची लागवड सुरू झाली, मग तमिळनाडू, आंध्र आणि तेलंगणात पसरली. आज भारत गर्किनचा जगातला सर्वांत मोठा निर्यातदार आहे. २०२०-२१ मध्ये ही निर्यात २० कोटी डॉलरच्या पुढे होती. ९० दिवसांचं पीक, बहुतेक छोटे शेतकरी, आणि माल पिंपांत भरून मिठाच्या पाण्यात किंवा व्हिनेगरमध्ये जहाजाने रवाना. हिमालयाच्या पायथ्याची काकडी युरोप-अमेरिका फिरून परत आली, पण इथल्या ताटात जवळजवळ नाहीच.

माझ्या प्रबंधात हे सगळं चाळीस-पन्नास पानांचं एक प्रकरण होईल. ते लिहिताना मी स्वतःपुरता एक नियम ठरवला आहे. कुणाच्या खाण्याबद्दलचं जुनं लिखाण समोर आलं की आधी विचारायचं: हे लिहिणाऱ्याने ते खाल्लं होतं का?

जानेवारीत जमलेल्या बरणीतल्या चार काकड्या घेऊन मी घरी गेले. आईने एक चावून बघितली, थोडा विचार केला आणि म्हणाली, "मीठ बेताचं आहे, पण शेपू कमी पडलाय." मग जरा थांबून, "तुला तर डब्यात चालायचा नाही ना गं?"

मी परत निघाले तेव्हा डबा भरून घेतला. शेपूच होता.